क्रिकेटप्रेमींचे शकुन-अपशकुन

आपला संघ जिंकावा म्हणून सामना पाहताना प्रेक्षक पाळतात ते नेम, आणि नाट लागू नये म्हणून टाळतात त्या गोष्टी.

मराठी घरांत सर्वांत कडक नेम जागेचा. भागीदारी जमली की जो जिथे असेल त्याने तिथून हलायचे नाही. पोळ्या अर्धवट टाकून स्कोअर विचारायला आलेली आई दाराच्या चौकटीत असताना षटकार बसला, तर तिला तिथेच थांबवून ठेवतात. हाताची कणीक हातावरच वाळते. कुणी पाण्याला उठले आणि विकेट पडली, तर बोल लागतो तो उठणाऱ्याच्या पायगुणाला. 'आता शतक झालंच' म्हणणाऱ्याला लगेच दटावले जाते, 'नाट लावू नकोस!' सामना हातचा जाऊ लागला की देव पाण्यात घातले जातात, बहुतेकदा बोलण्यापुरते, क्वचित खरोखर.

खेळाडूही यातून सुटलेले नाहीत. २०११ च्या विश्वचषकात अहमदाबादला ऑस्ट्रेलियाविरुद्धची उपान्त्यपूर्व फेरी भारत जिंकत असताना सचिन तेंडुलकर ड्रेसिंग रूममध्ये डोळे मिटून पडून होता. २ एप्रिलला वानखेडेवर अंतिम सामन्यात त्याने तेच केले आणि सेहवागलाही शेजारून हलू दिले नाही. अमिताभ बच्चन यांनी २०२३ च्या विश्वचषकातल्या उपान्त्य सामन्यानंतर, आपण पाहत नाही तेव्हा भारत जिंकतो, असे जाहीरपणे लिहिले होते. इंग्लंडात १११ धावा अशुभ. त्या आकड्यावर पंच डेव्हिड शेफर्ड एका पायावर उड्या मारत.

याला खुळेपणा म्हणून झटकणे बरोबर नाही. मानवशास्त्रज्ञ मॅलिनोव्स्की यांना ट्रोब्रिअंड बेटांवर दिसले, की शांत खाजणातल्या मासेमारीला मंत्र लागत नाहीत, खोल समुद्रातल्या मासेमारीला लागतात. जिथे आपले काही चालत नाही तिथे माणूस नेम धरतो, आणि दिवाणखान्यातल्या प्रेक्षकाचे मैदानावर काहीच चालत नाही. हलायचे नाही, एवढेच त्याच्या हातात असते, आणि ते तो जीव ओतून करतो.

मोबाइलवर प्रक्षेपण काही सेकंद मागे असते. शेजारच्या घरातून आरोळी आधी येते, चेंडू सीमापार गेल्याचे कळून चुकते. तरीही पडद्यावर तो जाईपर्यंत इकडे कुणी मांडी हलवत नाही.