सजातीय पदांची बेरीज: मिळवायचं काय आणि तसंच ठेवायचं काय

५अ + ३अ = ८अ हे शिकवताना ‘पाच आंबे अधिक तीन आंबे’ म्हणायची सर्रास पद्धत आहे. पहिल्या तासापुरती ती चालते, पुढे नडते. अ म्हणजे आंबा नव्हे, ती संख्या आहे, आणि आंब्याचा वर्ग काय हे कुणालाच सांगता येणार नाही. खरं कारण पाढ्यात आहे. सात पंचे पस्तीस आणि सात त्रिक एकवीस, दोन्ही मिळून छप्पन्न, म्हणजे सात अठ्ठे. सातच्या जागी कोणतीही संख्या आली तरी ५ पट अधिक ३ पट म्हणजे ८ पटच. हाच वितरणाचा नियम.

बेरजेनंतर काय उरतं तेही यातूनच ठरतं. बेरीज होते ती सहगुणकांची, म्हणजे अक्षरांआधीच्या आकड्यांची. अक्षरं आणि त्यांचे घातांक जसेच्या तसे राहतात. म्हणून ३अ² + ४अ² = ७अ². इथे ७अ⁴ लिहिणारे घातांक मिळवण्याचा गुणाकारातला नियम बेरजेत आणतात. पदं सजातीय ठरायला अक्षरं तीच हवीत आणि प्रत्येकाचा घातांकही तोच हवा. क्रम बदलला तर चालतं: अब आणि बअ एकच. पण अ²ब आणि अब² वेगळी. अ = २, ब = ३ घेतलं तर पहिल्याची किंमत १२ येते, दुसऱ्याची १८.

भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ या १२व्या शतकातल्या ग्रंथात नियम हाच आहे: समान जातीची पदं मिळवावीत, भिन्न जातीची वेगळी मांडावीत. तिथे अव्यक्त (म्हणजे किंमत माहीत नसलेल्या) संख्यांसाठी या, का, नी अशी अक्षरं येतात, तर स्थिर पदासाठी रू.

आता ७अ² − ४अब + ९ मध्ये ३अब − अ² − १२ + ५ब मिळवू. उभी मांडणी करताना दुसरी राशी आहे त्या क्रमाने खाली उतरवू नका. अ² खाली अ², अब खाली अब, ९ खाली −१२. ५ब ला जोडीदार नाही, म्हणून त्याला स्वतंत्र रकाना द्या आणि वर जागा मोकळी सोडा.

७अ² − ४अब            + ९
−अ² + ३अब + ५ब − १२

पद हलवताना त्याच्या आधीचं चिन्ह सोबत न्यायचं. सर्वाधिक गुण इथेच जातात. दुसरा खड्डा −अ² चा. आकडा दिसत नाही म्हणून सहगुणक शून्य धरला जातो, प्रत्यक्षात तो −१ आहे. उत्तर: ६अ² − अब + ५ब − ३.

पडताळ्याला अ = २, ब = ३ ठेवा. पहिली राशी १३, दुसरी १७, बेरीज ३०. उत्तरात २४ − ६ + १५ − ३, म्हणजे ३०च.

पडताळ्यासाठी ० किंवा १ मात्र घेऊ नका. समजा कुणी ३अ + २अ² = ५अ² असं लिहिलं. अ = १ ठेवल्यास दोन्ही बाजू ५, अ = ० ठेवल्यास दोन्ही शून्य; चूक बेमालूम सुटते. अ = २ ठेवलं की डावीकडे १४, उजवीकडे २०. एकाचा कोणताही घात एकच असल्याने घातांकातली गफलत त्याला दिसतच नाही. दोन अक्षरं असतील तर दोघांना वेगवेगळ्या किमती द्या, नाहीतर अ²ब आणि अब² मधली अदलाबदलही निसटून जाते.