मोजणीची टाउनशिप आणि कारभाराची टाउनशिप

अमेरिकेतल्या मिशिगन राज्यात अ‍ॅन आर्बर शहराच्या जरा बाहेर जमीन घेतली, तर खरेदीखतात तिचं वर्णन असं येतं: टाउनशिप २ दक्षिण, रेंज ६ पूर्व, आणि पुढे सेक्शनचा नंबर. त्याच जमिनीचं कराचं बिल येतं ते ‘अ‍ॅन आर्बर चार्टर टाउनशिप’कडून. दोन्ही कागदांवर टाउनशिप हा एकच शब्द, पण वस्तू दोन. आपल्याकडच्या गेट आणि कुंपणवाल्या वसाहतीचा यातल्या कशाशीच संबंध नाही, तो अर्थ आधी बाजूला ठेवू.

खरेदीखतातली टाउनशिप ही मोजणी आहे. स्वातंत्र्ययुद्धानंतर अमेरिकेवर कर्ज होतं आणि पश्चिमेला विकण्यासारखी अफाट जमीन होती. ती विकायची तर आधी मोजायला हवी, म्हणून १७८५ साली कायदा झाला: जमिनीचे सहा मैल लांब, सहा मैल रुंद असे चौकोन पाडायचे. असा एक चौकोन म्हणजे एक टाउनशिप. त्याच वर्षी ३० सप्टेंबरला मोजणीचे प्रमुख थॉमस हचिन्स यांनी पेनसिल्व्हेनियाच्या हद्दीवर, ओहायो नदीकाठी या कामाचा पहिला बिंदू धरला.

हत्यार होतं गंटर साखळी. लांबी ६६ फूट, कड्या १००. अशा ८० साखळ्या म्हणजे मैल आणि १० चौरस साखळ्या म्हणजे एकर. आपल्याकडच्या जुन्या मोजणीची साखळी बरोबर निम्मी, ३३ फुटांची, सोळा आण्यांची. ३३ गुणिले ३३ म्हणजे १,०८९ चौरस फूट, अर्थात एक गुंठा, आणि असे ४० गुंठे म्हणजे एकर. म्हणून अमेरिकेतला सेक्शन, म्हणजे एक चौरस मैलाचा, ६४० एकरांचा तुकडा, गुंठ्यांत मांडला तर २५,६०० असा सरळ आकडा येतो, तुकडा उरत नाही. सातबारा वाचायची सवय असलेल्या माणसाला ही मोजणी परकी वाटू नये.

एका चौकोनात एक-एक चौरस मैलाचे ३६ सेक्शन. १ नंबर ईशान्य कोपऱ्यात. तिथून पश्चिमेकडे ६ पर्यंत जायचं, मग ६ च्या खाली ७, आणि तिथून परत पूर्वेकडे. नांगरट करताना तासाच्या शेवटी बैल वळवतात, तशी ही मांडणी. १६ नंबरचा सेक्शन शाळेसाठी राखून ठेवायचा, ही तरतूद १७८५ च्याच कायद्यात होती. देशाच्या तिजोरीत पैसा नसताना प्रत्येक चौकोनात शाळेची जमीन आधी बाजूला काढणं, या साऱ्या आखणीत मला सगळ्यात मोठी वाटते ती ही गोष्ट.

पृथ्वी गोल असल्यामुळे उत्तर-दक्षिण रेषा वर जाताना जवळ येतात आणि चौकोन नेमका चौकोन राहत नाही. जमणारी चूक उत्तर आणि पश्चिम काठच्या सेक्शनांत टाकायची, असा नियम आहे. त्यामुळे तिथले सेक्शन ६४० एकरांपेक्षा थोडे कमी-जास्त भरतात.

वरच्या खरेदीखतातलं ‘२ दक्षिण’ मोजायचं ते एका आधाररेषेपासून. डेट्रॉईटचा एट माइल रोड याच रेषेवरून जातो. तिच्या खालची चौकोनांची दुसरी ओळ म्हणजे २ दक्षिण. तशीच एका उभ्या रेषेपासून पूर्वेला मोजलेली चौकोनांची सहावी उभी रांग म्हणजे रेंज ६ पूर्व.

या टाउनशिपला कचेरी नाही, कर नाही, निवडणूक नाही आणि म्हणून लोकसंख्याही नाही. अशी मोजणी झालेली राज्यं ३० आहेत. त्यांतल्या कित्येक चौकोनांत नुसते डोंगर आणि माळरान आहे, तरी नंबर आहेच.

कराचं बिल पाठवते ती दुसरी टाउनशिप. ती म्हणजे कारभार, आपल्या ग्रामपंचायतीच्या जवळ जाणारी गोष्ट. मिशिगनमध्ये तिचे सुपरवायझर, क्लार्क आणि ट्रेझरर लोक निवडून देतात. मतदान घेणं, मालमत्तेची आकारणी, करवसुली ही कामं तिची. ओहायोमध्ये तीन ट्रस्टी असतात. टाउन किंवा टाउनशिपचा असा कारभार २० राज्यांत आहे, आणि जनगणना माणसं मोजते ती या हद्दीत.

घोळ होतो तो यामुळे, की मिडवेस्टात, म्हणजे मिशिगन-ओहायोच्या पट्ट्यात, कारभाराची हद्द बऱ्याच ठिकाणी मोजणीच्या चौकोनावरच बसवली. डेट्रॉईटजवळची कॅन्टन टाउनशिप पाहा. मोजणीतला चौकोन २ दक्षिण, ८ पूर्व. कारभाराची हद्द जवळपास तीच, सुमारे ३६ चौरस मैल. २०२० च्या जनगणनेत तिथे ९८,६५९ माणसं होती. म्हणजे टाउनशिप हा शब्द ऐकून खेडं डोळ्यांपुढे आणलं, तर तेही चुकतं.

त्याच ओळीत दोन चौकोन पश्चिमेला अ‍ॅन आर्बर. तिथेही सुरुवात पूर्ण चौकोनानेच झाली होती. पण शहर वाढत गेलं आणि टाउनशिपची जमीन आपल्यात घेत गेलं. पुणे महापालिकेची हद्दवाढ आणि समाविष्ट गावांची धास्ती ज्यांनी पाहिली आहे, त्यांना हे वेगळं सांगायला नको. २०२० च्या जनगणनेत शहराची लोकसंख्या १,२३,८५१ होती आणि टाउनशिप उरली आहे कडेकडेच्या तुकड्यांत, काही तुकडे तर चारी बाजूंनी शहराने वेढलेले. शहरांनी अशी जमीन ओढून घेऊ नये म्हणून १९४७ च्या कायद्याने मिशिगनमध्ये चार्टर टाउनशिप हा प्रकार आला. त्याने काही संरक्षण मिळतं, पूर्ण नाही. खरेदीखतातला २ दक्षिण, ६ पूर्व मात्र जसाच्या तसा आहे, शहर त्याच्यावर बसलं तरी.

आकडे वाचताना आणखी एक ठिकाणी फसायला होतं. मिशिगनमध्ये सिटी झाली की ती टाउनशिपमधून बाहेर पडते, पण व्हिलेज आतच राहतं. म्हणून टाउनशिपच्या लोकसंख्येत व्हिलेजची माणसं धरलेली असतात आणि त्याच नावाच्या सिटीची नसतात.

न्यू जर्सीत मोजणीचे चौकोन नाहीतच, कारण मूळच्या १३ राज्यांत ही मोजणी झाली नाही. तिथल्या वॉलपॅक टाउनशिपला १७९८ च्या कायद्याने रीतसर दर्जा मिळाला. एका बाजूला डेलावेअर नदी, जी इथे इंग्रजी एस अक्षरासारखं वळण घेते. आत फ्लॅट ब्रूक ओढ्याचं खोरं. क्षेत्रफळ सुमारे २४ चौरस मैल. २००० साली इथे ४१ माणसं होती, २०१० मध्ये १६ आणि २०२० मध्ये ७.

गाव आपोआप ओस पडलं नाही. १९५५ च्या महापुरानंतर डेलावेअरवर टॉक्स आयलंड धरण बांधायचं ठरलं आणि १९६२ मध्ये मंजुरी मिळाली. जमिनी घेतल्या, माणसं उठवली, घरं पाडली. १९७५ मध्ये नदीकाठच्या चारपैकी तीन राज्यांनी धरणाच्या विरोधात मत दिलं आणि ते कधीच बांधलं गेलं नाही. जमीन राष्ट्रीय उद्यान सेवेकडे गेली, माणसं परतली नाहीत. धरणग्रस्त हा शब्द आपल्याला कोयना आणि मुळशीने शिकवला. वॉलपॅकची माणसं न झालेल्या धरणाची धरणग्रस्त आहेत, आणि हे वाचताना मला फार वाईट वाटतं.

तरीही कागदोपत्री ती पूर्ण टाउनशिप आहे, तीन सदस्यांची समिती असलेली. तो ७ चा आकडाही जपून घ्यावा. २०२० च्या जनगणनेत माणसांची ओळख उघड होऊ नये म्हणून राज्याखालच्या लोकसंख्येच्या आकड्यांत मुद्दाम थोडा फेरफार केला होता. कॅन्टनच्या आकड्याला त्याने काही फरक पडत नाही. वॉलपॅकमध्ये एक घर इकडचं तिकडे झालं तरी आकडा बदलतो.