ओढा खोल केला, विहिरी का आटल्या?

एप्रिल-मे आला की नाशिक जिल्ह्यातल्या कुठल्या ना कुठल्या गावाची बातमी येते : ओढ्याचं खोलीकरण झालं, आता टंचाई मिटणार. फोटोत पोकलेन आणि दोन्ही काठांवर ढीग. त्या ढिगांचा रंग नीट बघावा. काळी चिकट माती असेल तर गाळ निघाला, उत्तम झालं. पिवळसर, भुगाभुगा होणारा मुरूम असेल तर मात्र गावाच्या पाण्याचं कोठारच फुटलंय.

ओढ्यात पाणी दोन वाटांनी येतं. पावसाचा लोंढा काही तासांत निघून जातो. दिवाळीनंतर वाहतं ते डोंगरात मुरलेलं पाणी, म्हणजे पाझर. इगतपुरीला ३,००० मिलिमीटरहून जास्त पाऊस, येवल्याकडे जेमतेम ५०० च्या आसपास. तरी त्र्यंबक-पेठच्या पाड्यांवर उन्हाळ्यात हंडे घेऊन पायपीट असतेच. पाऊस भरपूर, पण तो साठवणारा खडक तिथे कमी आणि उतार तीव्र.

हा खडक समजला की ओढा समजतो. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी इथे लाव्हाचे थरावर थर साचले. प्रत्येक थराच्या वरच्या भागात वायूचे बुडबुडे अडकले, त्यांच्या पोकळ्यांत पुढे पांढरी खनिजं भरली. हा भाग लवकर कुजतो. विहीर खोदणारे त्याला मांजऱ्या म्हणतात. त्याखालचा काळा पाषाण घट्ट, पाणी शिरलंच तर फक्त भेगांमधून. दोन थरांच्या मध्ये कुठे कुठे गेरूसारखी लाल, चिकण पट्टी असते, तीही पाणी अडवते. पाऊस माती, मुरूम, मांजऱ्या असा झिरपत जातो, पाषाणावर किंवा लाल पट्टीवर थांबतो आणि उताराने आडवा सरकू लागतो. ओढ्याने तो थर जिथे कापलाय तिथे बाहेर पडतो. ऑक्टोबरात डोंगराच्या कड्यावर आडवी हिरवी रेघ दिसते ना, ती याच सांध्याची.

आता पोकलेनकडे येऊ. विहिरीतली पाणीपातळी ओढ्याच्या तळापेक्षा उंच असेल तर पाणी जमिनीतून ओढ्याकडे वाहतं. खाली असेल तर ओढ्यातून जमिनीत मुरतं. तळ ३ मीटर खाली नेला की पहिल्या प्रकारच्या ओढ्यात हा उतार वाढतो आणि काठचा मुरूम झपाट्याने निचरतो. हिशोब करा : ५०० मीटर लांब, १० मीटर रुंद, ३ मीटर खोल चर म्हणजे १५,००० घनमीटर, दीड कोटी लिटर. मुरमी खडकातून निचरणारं पाणी आकारमानाच्या साधारण २ टक्के धरलं, तर १०० हेक्टरमधली पातळी सरासरी १ मीटर उतरताच २ कोटी लिटर गेले. चर काठोकाठ भरला तरी गाव तोट्यातच, वर उघड्या पाण्याची वाफ होते ती वेगळी. तळाचा पाषाण फोडला तर आणखी वाईट : भेग पडली की वरच्या थराचं पाणी खालच्या थरात उतरतं आणि उथळ विहिरी कोरड्या पडतात.

पाणाड्याच्या हातातला नारळ उभा राहतो म्हणून पाणी लागत नाही. पावसाळ्यानंतर ओढ्याकाठी मांजऱ्या असेल तिथे खणलं तर बहुतेकदा लागतंच. इथे जमिनीखाली नद्या वाहत नाहीत, भिजलेला खडक असतो.

पाणलोट, म्हणजे ज्या भागातलं पाणी एका ओढ्यात येतं तो भाग, आखायला १:५०,००० चा नकाशा घ्यावा. त्यावर समोच्च रेषा, म्हणजे सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या रेषा, उंचीच्या २० मीटर अंतराने असतात. त्यांची टोकं चढाकडे वळली तर ओढा, उताराकडे वळली तर डोंगराची सोंड. ओढ्यावर बंधारा घालायचा त्या जागेपासून निघून सोंडांच्या माथ्यावरून रेघ न्यायची. ती समोच्च रेषांना काटकोनात कापते, ओढ्याला कुठेच कापत नाही, आणि फिरून बंधाऱ्यापाशीच मिळते. आतले सेंटिमीटरचे चौकोन मोजा, एक चौकोन म्हणजे २५ हेक्टर. चूक होते ती नंतर बांधलेल्या रस्त्याच्या भरावाने आणि कालव्याने. ते पाणी शेजारच्या ओढ्यात वळवतात, म्हणून एकदा भर पावसात रेघेवरून चालून यावं. सलग समतल चर, म्हणजे पाणी मुरवायला एकाच उंचीवरून आडवे नेलेले चर, याच रेघेपासून खाली उतरत खणायचे.

ओढ्याला हात लावण्याआधी जानेवारीत काठावरच्या विहिरीची पाणीपातळी आणि ओढ्याचा तळ गवंड्याच्या लेव्हल ट्यूबने (पाणी भरलेल्या पारदर्शक नळीने) ताडून बघा. विहिरीतलं पाणी उंच निघालं, तर गाळापुरतंच खणा आणि मुरूम लागला की थांबा.