जांभळा: फळाचा रंग की डागाचा?

मे सरत आला, वळवाचे दोनचार तडाखे बसून गेले की कोल्हापुरात कपिलतीर्थ मंडईच्या आसपास पन्हाळा-शाहूवाडीकडच्या बायका बुट्ट्या घेऊन बसलेल्या दिसतात. करवंदं संपत आलेली असतात आणि जांभळं सुरू झालेली. गेल्या वर्षी अशाच एका मावशींसमोर उकिडवा बसून मी वाटा निवडत होतो. ‘ही काळी कुळकुळीत हाईत, ही घ्या,’ म्हणत त्यांनी एक वाटा पुढं सरकवला. मी दुसऱ्याकडं बोट दाखवलं, तर म्हणाल्या, ‘ती नगं. ती जांभळीच हाईत अजून, तुरट लागतील.’ पैसे देताना वाकलो तेव्हा पुन्हा बजावलं, ‘शर्टाला लावून घिऊ नका. जांभळा डाग निघत न्हाई.’

घरी येईपर्यंत ते वाक्य डोक्यातून गेलं नाही. आयुष्यभर जांभळं विकणारी बाई पिकल्या जांभळाला ‘काळं’ म्हणते. ‘जांभळं’ म्हणते ते अर्धकच्च्याला आणि डागाला. म्हणजे ज्या फळावरून रंगाचं नाव पडलं, ते फळ तयार झालं की त्या रंगाचं राहतच नाही.

झाडावरचं जांभूळ आधी हिरवं असतं, मग त्यावर गुलाबी झाक येते, मग ते जांभळं होतं आणि पूर्ण पिकलं की जवळजवळ काळं. फोडलं तर आतला गर कधी पांढुरका, कधी गुलाबी. नुसतं पाहून या फळाला रंगाचा मान द्यावा असं त्यात काही नाही. खरा जांभळा उमटतो तो खाल्ल्यावर: जिभेवर, ओठांवर, बोटांच्या पेरांवर, झाडाखालच्या फरशीवर. शाळेत असताना ‘जीभ दाखव’ म्हटलं की कुणी जांभळं चोरून खाल्ली ते कळायचंच. माझं मत असं की, मराठीनं हा शब्द फळाच्या सालीवरून घेतलेला नाही, डागावरून घेतलाय.

सालीकडं पाहणाऱ्यांनी काय म्हटलं, ते संस्कृतात सापडतं. मेघदूतात कालिदास दशार्ण देशातली जांभळाची वनं दाखवतो, तेव्हा शब्द योजतो ‘परिणतफलश्यामजम्बूवनान्ताः’, म्हणजे पिकल्या फळांनी श्याम झालेले वनांचे कडे. श्याम, म्हणजे काळसर. कपिलतीर्थातल्या मावशींचंही तेच मत. फळाला रंगाचं विशेषण लावलंय, फळाचं विशेषण झालेलं नाही. आरतीच्या वेळी आपण म्हणतो त्या ‘कपित्थजम्बूफलचारुभक्षणम्’ मध्ये गणपती जांभळं आवडीनं खातो, पण तिथंही रंगाचा विषय नाही. पूजेच्या संकल्पात ‘जंबुद्वीपे’ येतं, ते या झाडाच्या नावानं ओळखलं जाणारं द्वीप. अशोकाच्या लघुशिलालेखातही ‘जंबुदीप’ आहे, म्हणजे झाडाचं नाव भूमीला चिकटून सव्वादोन हजार वर्षं तरी झाली. पुराणांत तर मेरूजवळच्या जांभळाच्या रसाची नदी वाहते आणि त्यातून निघणाऱ्या सोन्याला ‘जांबूनद’ म्हणतात. भूमी झाली, नदी झाली, सोनं झालं. रंग मात्र झाला नव्हता.

तो झाला आपल्या भाषांत. संस्कृत जम्बू, जम्बूल यांच्यापासून मराठीत जांभूळ आलं. पुढची पायरी सोपी: लाकूडचं ‘लाकडाचा’ होताना, कापूसचं ‘कापसाचा’ होताना मधला ऊ गळतो, तसा जांभूळमधला ऊ गळून जांभळा झाला. पण शेवटी लागलेला ‘आ’ बघण्यासारखा आहे. डाळिंबापासून डाळिंबी, अंजिरापासून अंजिरी, नारिंगापासून नारिंगी, बदामापासून बदामी. फळांच्या बाकी सगळ्या रंगांना ‘ई’ लागला. ते शब्द लिंग-वचनाप्रमाणं बदलत नाहीत: डाळिंबी शालू, डाळिंबी साडी, डाळिंबी लुगडं. जांभळा मात्र बदलतो: जांभळा शेला, जांभळी साडी, जांभळं लुगडं. व्याकरणाच्या पुस्तकात ज्याला विकारी विशेषण म्हणतात, ते हे. काळा, पांढरा, पिवळा, हिरवा, निळा, तांबडा ही घरची मंडळी तशीच बदलतात. बाहेरून आलेला लाल बदलत नाही. म्हणजे फळांमधून आलेल्यांपैकी एकट्या जांभळ्यालाच घरच्या पंगतीत पाट मिळाला.

(रंगाची विशेषणं कोल्हापुरात जेवायलाही बसतात. हॉटेलात ‘एक तांबडा वाढवा’ म्हटलं की वाढप्याला पुढचं नाम लागत नाही. ‘जांभळा वाढवा’ म्हणायची वेळ अजून आली नाही, येऊही नये.)

पाट मिळाला, तरी एका बाबतीत तो नवखाच राहिला. घरच्या प्रत्येक रंगाला आपला एक जोरकस जोडीदार आहे: काळाकुट्ट, पांढराफटक, पिवळाधमक, हिरवागार, निळाशार, आणि लाल बाहेरचा असूनही लालभडक. जांभळ्याला असं काहीच नाही. जोर द्यायचा तर पुढं ‘गर्द’ लावावा लागतो, नाहीतर ‘एकदम जांभळा’ म्हणून भागवावं लागतं. कमी करायला जांभळट, जांभळसर आहेत, वाढवायला नाही. असे जोडशब्द पिढ्यान्‌पिढ्या तोंडात घोळून घट्ट होतात. त्यावरून जांभळा या मंडळींत उशिरा आला असावा असं मला वाटतं.

उशीर का, याचं एक कारण रंगाऱ्याच्या पिंपात आहे. जुन्या काळी कापडाला हा रंग एका दमात देता येत नसे. नीळ आणि आल नावाच्या झाडाच्या मुळांचा किंवा लाखेचा तांबडा असे दोन रंग एकावर एक चढवावे लागत. दरवेळी छटा वेगळी निघायची: कधी निळ्याकडं झुकणारी, कधी तांबड्याकडं. दोन रंगांच्या मधल्या जागेला पक्कं नाव पडायला ती जागा पक्की असावी लागते. तोवर निळा या शब्दाचा पदर बराच रुंद होता. आजही मुका मार लागून अंग सुजलं तर आपण ‘काळंनिळं पडलं’ म्हणतो. नीट बघितलं तर त्यातला अर्धा भाग जांभळाच असतो. १८५६ साली लंडनमध्ये विल्यम पर्किन हा अठरा वर्षांचा पोरगा मलेरियावरचं क्विनीन कृत्रिमरीत्या बनवायला गेला आणि भांड्यात त्याला जांभळा रंग सापडला. डांबरापासून मिळणाऱ्या रसायनांतून निघालेला तो पहिला बाजारू रंग. त्यानंतर जांभळं कापड स्वस्त झालं, आणि ते प्रत्येक खेपेला त्याच छटेचं मिळू लागलं.

शेजारच्या भाषांनी काय केलं, हे कोल्हापुरातून तपासायला फार लांब जावं लागत नाही. निपाणी-संकेश्वरकडचा माणूस घरात असला की पुरे. कानडीत जांभळाला ‘नेरळे’ म्हणतात आणि रंगालाही ‘नेरळे बण्ण’. जम्बूशी त्या शब्दाचं नातं नाही, पण युक्ती तीच. गुजरातीतही ‘जांबली’ आहे. हिंदीत जामुनी असला तरी रोजच्या बोलण्यात राज्य ‘बैंगनी’चं, म्हणजे वांग्याचं. वांग्याचा रंग सालीवर असतो, हाताला लागत नाही. हिंदीवाल्यांनी भाजीच्या दुकानात उभं राहून नाव दिलं, आपण आणि कानडी लोकांनी झाडाखाली तोंड माखून घेऊन दिलं, असं म्हणायचा मोह होतो.

मराठीत या शब्दाला खरी बढती दिली ती शाळेनं. तानापिहिनिपाजा! तांबडा, नारिंगी, पिवळा, हिरवा, निळा, पारवा, जांभळा. न्यूटनच्या १७०४ सालच्या प्रकाशावरच्या ग्रंथात इंद्रधनुष्याचे सात रंग आहेत. आधी त्यानं पाचच मोजले होते. संगीतातल्या सात स्वरांशी मेळ बसावा म्हणून नारिंगी आणि इंडिगो हे दोन वाढवले. शेवटचा व्हायोलेट त्याच्याकडं एका फुलाच्या नावानं ओळखला जातो. मराठीत तो फुलाकडून फळाकडं आला. इंडिगोची तर गंमतच झाली. इंडिगो म्हणजे हिंदुस्थानातली नीळ, नावातच आपला देश. पण नीळवरून केलेला ‘निळा’ मराठीत आधीच आकाशासाठी खर्ची पडला होता. मग त्या जागी पारवा बसवला, म्हणजे चक्क पक्षी. सातात दोन फळं आणि एक पाखरू!

यातल्या दुसऱ्या फळाचं नशीब उलटं. नारंग हा शब्द इथून फारसीत गेला, तिथून अरबीत, पुढं स्पॅनिशमध्ये नारांजा झाला आणि इंग्रजीत पोचेपर्यंत पुढचा न गाळून ऑरेंज. त्या रंगाला इंग्रजीत नाव मिळालं ते फळ पोचल्यावरच. आपल्याकडं मंडईत नारिंग मागून बघा. संत्रं देतील, मोसंबी देतील. फळ बोलण्यातून गेलं, रंग उरला, आणि तोही चित्रकलेच्या तासापुरता. कोल्हापुरात झेंड्याला कुणी नारिंगी म्हटलेलं ऐकलं नाही, तो भगवा. मारुती शेंदरी, शिरा केशरी. रोजच्या सगळ्या जागा आधीच भरलेल्या, म्हणून नारिंगी वर्गाबाहेर फारसा येतच नाही. जांभळ्याला मात्र आडवं येणारं कुणी नव्हतं.

म्हणूनच तो विज्ञानातही घुसला. व्हायोलेटच्या पलीकडच्या न दिसणाऱ्या किरणांना मराठी विश्वकोशानं ‘जंबुपार’ म्हटलंय. पाठ्यपुस्तकांत ‘अतिनील’ चालतो आणि तोच रुळला, पण मला जंबुपार जास्त पटतो. नीलाच्या पलीकडं तर जांभळाच येतो. अदृश्य किरणं त्याच्याही पार असतात. शब्द बिनचूक आहे आणि त्यात झाड आहे. मात्र एक भानगड जांभळ्यानं तशीच ठेवली. वर्णपटाच्या टोकाचा जांभळा आणि तांबड्यात निळा कालवून मुलं करतात तो जांभळा, हे भौतिकशास्त्राच्या दृष्टीनं दोन वेगळे मामले. दुसरा इंद्रधनुष्यात सापडतच नाही. इंग्रजीत दोघांना दोन शब्द आहेत, मराठीत एकात दोन्ही. डोळ्याला त्याचं काही वाटत नाही.

ज्यांच्या डोळ्याला वाटतं, ते महाद्वार रोडवर साड्यांच्या दुकानात गादीवर बसलेले असतात. तिथं नुसतं ‘जांभळी दाखवा’ म्हणालात, तर सेल्समन विचारणारच, ‘जांभळी, आमसुली की वांगी?’ आमसुली म्हणजे आमसुलाचा, काळपट आणि तांबड्याकडं ओढ असलेला. वांगी त्याहून चकचकीत, काळ्या वांग्याच्या सालीसारखा. आणि जांभळी या दोघींपेक्षा उघडी, निळ्याकडं जास्त. माझ्या आईला हे तिन्ही घडीतली नुसती कड बघून सांगता येत. मला तिन्ही जांभळेच दिसतात, हे तिच्या मते पुरुष असल्याचं लक्षण. अलीकडं आमसुलीची जागा ‘वाइन कलर’नं घेतलीय. वाइन तरी कशाची, द्राक्षाची. म्हणजे फळ सुटलं नाही, नुसतं बाटलीतून फिरून आलं. वाईट वाटतं ते आमसुलीचं. गगनबावड्याच्या घाटातून वर येणारं आमसूल अजून प्रत्येक स्वयंपाकघरात आहे, पण तिशीच्या आतल्या मुलीच्या तोंडी तो रंग ऐकू येत नाही. जांभळीला हा धोका दिसत नाही. ती ‘पर्पल’ झाली तरी पावसाच्या तोंडाला झाड आठवण करून देतंच.

फळ दर वेळी रंगच देतं असंही नाही. गुलाबजाममधला ‘जाम’ म्हणजे जांभूळच, पण तिथं घेतलाय तो आकार, रंग तळणीतला. शिरोळ तालुक्यात जांभळी नावाचं गाव आहे, तेही रंगानं जांभळं नाही.

राहिला शर्ट. मावशींनी बजावूनही खिशाखाली डाग पडलाच. पांढरा शर्ट, त्यावर रुपयाएवढा जांभळा ठिपका. साबणाची वडी घासली तर डाग निघायच्या ऐवजी निळा झाला. आईनं लिंबू पिळलं, तर गुलाबी. या फळाचं रंगद्रव्य आंबटात तांबड्याकडं सरकतं आणि साबणासारख्या अल्कलीत निळ्याकडं, म्हणजे जुन्या रंगाऱ्याची दोन्ही पिंपं एका ठिपक्यात. दोनचार धुण्यांनंतर तो फिकट राखाडी झाला, आता मुद्दाम शोधावा लागतो. पण घरात त्या शर्टाचं नाव पडलं ते पडलंच. परवा कपाट उघडून मुलगी विचारत होती, ‘बाबा, तुमचा जांभळा शर्ट इस्त्रीला टाकू का?’