टोमॅटो सॉस म्हणजे नक्की कोणता? बाटलीतला आणि कढईतला

भाची नाशिकच्या सातपूरला नोकरीला लागली आणि पाथर्डी फाट्याजवळ मैत्रिणींबरोबर भाड्याने राहू लागली. एका रविवारी दुपारी तिचा फोन आला. "मावशी, चिकन बिघडलंय. गोड लागतंय आणि खाली करपलंयसुद्धा."

"काय काय घातलंस?"

"कांदा, लसूण, गाजर, सिमला मिरची, आणि दीड वाटी टोमॅटो सॉस. लिहिलं होतं तेवढाच."

"कुठला सॉस?"

"कुठला म्हणजे? आपला नेहमीचा, बाटलीतला."

तिची काहीच चूक नव्हती. मराठी घरात सॉस म्हटला की डोळ्यांपुढे तीच लाल बाटली येते. भज्यांबरोबर, कटलेटबरोबर, पोरांच्या डब्यातल्या पोळीच्या रोलला लावायला, सगळीकडे तीच. पण चिकन आणि भाज्या टोमॅटो सॉसमध्ये शिजवा असं जेव्हा पाककृतीत लिहिलेलं असतं, तेव्हा लिहिणाऱ्याच्या मनात ही बाटली नसते. त्याला म्हणायचं असतं की पिकलेले टोमॅटो तेलात, लसणीबरोबर, दाट होईपर्यंत शिजवा आणि त्यात चिकन घाला. इटलीत रोजच्या जेवणात असतो तो हा सॉस. अमेरिकेत 'टोमॅटो सॉस' नावाने डबा मिळतो तोही शिजवलेल्या टोमॅटोचाच, साखर-व्हिनेगरचा नव्हे. उलट इंग्लंड-ऑस्ट्रेलियात 'टोमॅटो सॉस' म्हटलं की केचपच समोर ठेवतात. आपण इंग्रजांकडून शब्द घेतला, पाककृत्या मात्र जगभरातून वाचतो. गोंधळ तिथे होतो.

आपल्याकडचे नियमही या गोंधळात मदत करत नाहीत. भारतीय अन्न सुरक्षा आणि मानक प्राधिकरणाच्या मानकांत टोमॅटो केचप आणि टोमॅटो सॉस ही दोन्ही नावं एकाच व्याख्येखाली येतात: टोमॅटोचा रस, प्युरी किंवा पेस्ट, त्यात साखर, मीठ, व्हिनेगर, मसाले. म्हणजे दुकानातल्या बाटलीवर 'सॉस' लिहिलेलं असो की 'केचप', आत साधारण एकच वस्तू असते. कढईतल्या सॉसच्या जवळचं काही विकत हवं असेल तर 'प्युरी' हा शब्द शोधायचा. मागच्या बाजूला घटकांच्या यादीत टोमॅटो आणि फार तर मीठ किंवा आम्लता राखणारा एखादा पदार्थ असावा. साखर दिसली की बाटली परत ठेवा.

मी भाचीला एकच उदाहरण दिलं. कैरीची डाळ करायची असेल तर कोणी लोणच्याची बरणी उघडतं का? लोणचं कैरीचंच असतं, पण ते तयार झालेलं तोंडीलावणं आहे. त्यात मीठ, मोहरी, तेल सगळं आधीच ठरलेलं असतं. बाटलीतला सॉस हेही तोंडीलावणंच. कढईतला सॉस म्हणजे वाटण. आपण खोबऱ्या-कांद्याचं वाटण भाजून त्यात रस्सा उभा करतो, तसा टोमॅटो आटवून त्यात चिकन उभं करायचं.

पुढच्या रविवारी मी दोन किलो टोमॅटो घेऊन तिच्याकडे गेले. आधी अर्धा किलो शिजवले, मग स्टीलच्या एका ताटलीत दोन चमचे शेजारी शेजारी काढले. बाटलीतला सॉस ढिगासारखा उभा राहिला, चकचकीत, ताटली कलती केली तरी हळूहळूच सरकला. कढईतला पसरला, आणि मिनिटभरात त्याच्या कडेने पाण्याची पातळ पिवळसर रेघ सुटली. मग चाखून पाहिलं. बाटलीतला आधी गोड लागतो, मग व्हिनेगर नाकात चढतं. कढईतला आधी आंबट, मग खारट, आणि जिभेच्या मागे कुठेतरी भाजल्यासारखी भरीव चव रेंगाळते. भाची म्हणाली, "हा सॉस नाहीच. ही टोमॅटोची भाजी आहे." अगदी बरोबर बोलली ती.

आता तिच्या कढईत नेमकं काय झालं ते पाहू. बाटलीतल्या सॉसमध्ये शंभर ग्रॅमला साधारण 20 ते 25 ग्रॅम साखर असते. दीड वाटी म्हणजे तीनशे ग्रॅमच्या आसपास धरली, तर अर्धा किलो चिकनमध्ये 60 ते 75 ग्रॅम साखर गेली. चहाचे बारा-पंधरा चमचे! आपण शिऱ्यात घालतो तशी. वर सॉसचं स्वतःचं मीठ, आणि तिने चवीपुरतं घातलं ते वेगळंच. गोष्ट इथे संपत नाही. सॉसचा आंबटपणा मुख्यतः व्हिनेगरचा असतो, आणि उकळताना त्याचा उग्र वास वाफेबरोबर निघून जातो. पाणीही आटत जातं. साखर मात्र कुठेच जात नाही, ती कढईतच दाट होते. म्हणून ताटात चाखलेला सॉस आंबटगोड लागतो, आणि तोच वीस मिनिटं शिजवला की नुसता गोड. तळाशी साठलेली ती साखर मोठ्या आचेवर करपली, हे ओघाने आलंच.

टोमॅटोचा स्वतःचा आंबटपणा असा उडत नाही. तो सायट्रिक आणि मॅलिक आम्लांचा असतो, उकळून उडून जाणारा नव्हे. त्यामुळे टोमॅटो आटवत गेलात की गोडी, आंबटपणा, मीठ सगळं एकत्र दाट होतं आणि तोल टिकतो. फार आंबट वाटलाच तर अर्धा चमचा साखर पुरते.

दाटपणाचं गणितही वेगळं आहे. ताज्या टोमॅटोत पाणीच जास्त. विरघळलेला अर्क, म्हणजे पाणी सोडून उरणारी साखर, आम्लं वगैरे, जेमतेम चार-पाच टक्के. आपल्याकडच्या मानकांप्रमाणे प्युरीत तो मीठ सोडून किमान 9 टक्के लागतो, आणि पेस्टमध्ये किमान 25. म्हणजे घरी प्युरीइतका दाटपणा हवा तर किलोभर टोमॅटो अर्ध्यावर आणायचे. केचपलाही किमान 25 टक्क्यांचीच अट आहे, पण त्या पंचवीसमध्ये साखरही मोजली जाते. त्यामुळे बाटली दाट आहे म्हणजे आत टोमॅटो जास्त आहे, असं समजू नका.

टोमॅटो कसे निवडायचे हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं, कारण नाशिककरांच्या दारात हे पीक आहे. पिंपळगाव बसवंतच्या बाजारात आणि गिरणाऱ्याकडे हंगामात टोमॅटोचे कॅरेट रचलेले आपण सगळ्यांनी पाहिलेत. लांबच्या बाजाराला जाणारा माल पूर्ण पिकायच्या आधी तोडतात, कारण त्याला ट्रकमधून टिकायचं असतं. जो पूर्ण लाल झाला, मऊ पडला, तो लांब जाऊ शकत नाही. तोच गंगाघाटावर बुधवारच्या बाजारात संध्याकाळी स्वस्तात मिळतो. कोशिंबिरीला तो नको, पण सॉसला त्याच्यासारखा दुसरा नाही. त्यात दोन-चार गावरान, चुण्या पडलेले आंबट टोमॅटो मिळाले तर नक्की घाला. जाड सालीचे संकरित टोमॅटो रंग देतात, गावरान आंबटपणा आणि वास देतो. फुटलेले, बुरशी दिसणारे मात्र घेऊ नका, कितीही स्वस्त असले तरी.

2023 च्या जुलैत टोमॅटो किलोला शंभराच्या वर गेला होता, तेव्हा माझ्या ओळखीतल्या कितीतरी घरांनी भाजीत बाटलीतला सॉस घालून भागवलं. एक-दोन चमच्यांनी आमटीला चव येते, मान्य. पण ज्या पदार्थात टोमॅटो हाच पाया आहे, तिथे ते चालत नाही. टोमॅटो परवडत नसेल तर त्या आठवड्यात दही-कांद्यातलं चिकन करावं.

आता कढई. अर्धा किलो चिकनला एक किलो टोमॅटो, एक मोठा कांदा, सात-आठ लसूण पाकळ्या, एक गाजर, मूठभर फरसबी, एक ढोबळी मिरची, तीन चमचे तेल, मीठ, मिरपूड. चिकन हाडासकट मांडीचं असेल तर रस जास्त चांगला उतरतो. भाचीच्या घाईसाठी बोनलेसही चालेल.

टोमॅटोच्या बुडाला चाकूने फुली मारून उकळत्या पाण्यात मिनिटभर सोडा, मग गार पाण्यात. साल हाताने निघते. बिया काढून टाकू नका. बियांभोवतीचा बुळबुळीत गर दिसायला बिनकामाचा वाटतो, पण टोमॅटोची ती भरीव चव देणारं ग्लुटामेट गरात मांसल भागापेक्षा जास्त असतं. मिक्सरऐवजी हाताने कुस्करले तर मला जास्त आवडतात. मिक्सरमध्ये हवा भरून रंग गुलाबी पडतो.

लोखंडी कढई नको. टोमॅटोचं आम्ल लोखंडाला लागून चव धातूसारखी होते. साध्या ॲल्युमिनियमचंही तेच. स्टील घ्या, किंवा कल्हई केलेलं पितळेचं पातेलं.

तेल तापलं की चिकनचे तुकडे मीठ-मिरपूड लावून दोन्ही बाजूंनी तांबूस करून बाजूला काढा. आत कच्चे राहिले तरी चालतील. त्याच तेलात कांदा, मग लसूण, मग टोमॅटो. तळाला चिकटलेला तांबूस थर टोमॅटोच्या पाण्याने सुटतो, तो खरवडून घ्या. अर्धी चव त्यात आहे. मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटं, झाकण न ठेवता. झाकण ठेवलं की वाफ परत खाली पडते आणि सॉस आटतच नाही. सुरुवातीला फुगे मोठे आणि पाणचट येतात, मग लहान, जड, फट्-फट् आवाज करणारे. उलथनं फिरवलं की मागे वाट राहते आणि कडेने लालसर तेल दिसू लागतं. आपल्या आया ज्याला 'तेल सुटलं' म्हणतात, तीच ही खूण. टोमॅटोचा लाल रंग देणारं लायकोपीन तेलात विरघळतं, म्हणून ते तेल लाल दिसतं, आणि तेलात शिजलेल्या टोमॅटोतून ते शरीरालाही जास्त मिळतं.

भाज्यांबद्दल एक गोष्ट मी भाचीला दोनदा सांगितली. गाजर आणि फरसबी कच्ची सॉसमध्ये टाकू नका. आंबटात भाजी लवकर मऊ होत नाही, तिच्या पेशींच्या भिंती घट्टच राहतात. डाळ शिजल्याशिवाय आमटीत चिंच-आमसूल घालायचं नाही हे आपण लहानपणापासून ऐकतो, तेच कारण. म्हणून गाजर-फरसबी आधी मिठाच्या पाण्यात पाच-सात मिनिटं उकडून घ्या. ढोबळी मिरचीला याची गरज नाही, ती शेवटच्या पाच मिनिटांत घाला, थोडी करकरीत राहिलेलीच छान लागते.

सॉस आटला की चिकन त्याच्या सुटलेल्या पाण्यासकट परत आत. बोनलेसला दहा-बारा मिनिटं, हाडासकट असेल तर पंचवीसपर्यंत, आता झाकण ठेवून. सगळ्यात जाड तुकडा फोडून पाहा, आत गुलाबी दिसता कामा नये. शेवटी उकडलेल्या भाज्या. ओरेगॅनो असेल तर चिमूटभर; नसेल तर हातावर चोळलेला अगदी थोडा ओवा, दोघांच्या वासात बरंच नातं आहे. तुळस मात्र घालू नका. आपली तुळस आणि इटलीची बेसिल एकाच कुळातल्या, पण आपली लवंगेसारखी तिखट लागते आणि चिकनवर मात करते.

बाटलीतल्या सॉसला मी घरातून हद्दपार करा म्हणत नाही. गाड्यावरच्या चिली चिकनची चकाकी आणि आंबटगोड चव त्याचीच असते, तिथे तो मोठ्या आचेवर दोन मिनिटं परततात आणि उतरवतात. तेवढ्या वेळात तो करपत नाही. ऑम्लेटशेजारी तर तो हवाच.

टिकण्यातही दोघांत फरक आहे. बाटली उघडल्यावरही फ्रिजमध्ये बरेच दिवस राहते, कारण साखर, मीठ आणि व्हिनेगर तिघे मिळून तिला राखतात. घरचा सॉस तीन-चार दिवसांत संपवा. विकतच्या प्युरीचा उघडलेला डबाही तसाच, फ्रिजच्या दारात ठेवून विसरलात तर बुरशी धरते. हंगामात टोमॅटो स्वस्त झाले की मी चार-पाच किलोचा सॉस एकदम आटवते, चिकनशिवाय, आणि वाटीभराचे डबे करून फ्रीजरमध्ये ठेवते. गोठलेला गोळा तसाच कढईत टाकला तरी चालतो. फक्त तो वितळताना पाणी सोडतो, ते आटून पुन्हा तेल दिसेपर्यंत चिकन आत घालायचं नाही.