लिबयुनिक आणि एकप्रत लायब्ररी

लिबयुनिक : लिनक्सच्या नोम डेस्कटॉपसाठी लिहिलेली एक छोटी सॉफ्टवेअर लायब्ररी, म्हणजे इतर प्रोग्रामांनी वापरायचा तयार कोड. एखाद्या प्रोग्रामची एका वापरकर्त्यासाठी एकच प्रत चालू ठेवणे आणि तोच प्रोग्राम पुन्हा सुरू केला तर दुसऱ्या प्रतीचे काम पहिलीकडे सोपवणे, एवढीच तिची जबाबदारी. हेच काम करणारी साधने विंडोजमध्ये, तसेच क्यूटी आणि इलेक्ट्रॉन या प्रोग्राम बनवण्याच्या संचांमध्येही आहेत. या सगळ्यांना इथे एकप्रत लायब्ररी म्हटले आहे.

गरज कुठे पडते ते रावेर-यावलच्या केळीपट्ट्यातल्या कोणत्याही सेवा केंद्रात पाहावे. फळपीक विम्याची मुदत संपत आलेली, बाकावर शेतकरी सातबारा आणि पासबुक घेऊन बसलेले, आणि टेबलावर कमी मेमरीचा जुना संगणक. ऑपरेटर पीडीएफवर डबल क्लिक करतो. खिडकी लगेच उघडत नाही म्हणून पुन्हा करतो, मग तिसऱ्यांदा. प्रोग्रामला आवर नसेल तर तीन प्रती सुरू होतात, मेमरी खातात आणि संगणक आणखी रखडतो. त्याहून वाईट म्हणजे दोन प्रतींनी एकाच सेटिंग फाइलवर लिहिले, तर शेवटी लिहिणारीचे राहते आणि आधीचे पुसले जाते.

‘आधीची प्रत चालू आहे का?’ हा प्रश्न दिसतो तितका सोपा नाही. चालू प्रोग्रामांची यादी तपासून ‘नाही’ म्हणायचे आणि मग सुरू व्हायचे, या दोन कृतींच्या मधल्या काही मिलिसेकंदांत दुसरी प्रतही ‘नाही’ म्हणून सुरू होऊ शकते. म्हणून तपासणे आणि जागा धरणे ही एकच अखंड कृती असावी लागते, आणि ती प्रोग्रामबाहेरच्या एका तटस्थ मध्यस्थाने करावी लागते. लिनक्सवर हा मध्यस्थ म्हणजे डी-बस, प्रोग्रामांमध्ये संदेशांची ने-आण करणारी सेवा. प्रत्येक प्रोग्राम उलट्या डोमेनसारखे एक नाव मागतो, उदाहरणार्थ ‘ऑर्ग.नोम.जीएडिट’. बाजार समितीत एका गाळ्याचा ताबा एका वेळी एकाच व्यापाऱ्याकडे असावा, तसा एका नावाचा एका क्षणी एकच धनी. दुसऱ्याने मागितले की नाव आधीच दिलेले असल्याचे उत्तर येते, आणि आपण दुसरे आहोत हे त्या प्रतीला कळते.

लिबयुनिक इमॅन्युएले बासी यांनी लिहिली. तिचा परवाना एलजीपीएल हा मुक्त परवाना. डी-बस नसेल तिथे युनिक्स सॉकेटवर, म्हणजे दोन प्रोग्रामांमधल्या थेट दुव्यावर, चालणारा पर्यायही तिच्यात होता. दुसरी प्रत पहिलीला ठरावीक संदेश पाठवी : खिडकी पुढे आण, नवी उघड, अमुक फाइल उघड, बंद हो. नोम २ च्या काळात नॉटिलस हा फाइल व्यवस्थापक आणि ब्रासेरो हा डिस्क लिहिणारा प्रोग्राम तिच्यावर विसंबून होते. २०११ मध्ये नोमच्या पायाभूत लायब्ररींत, म्हणजे जीलिब २.२८ मध्ये जीअॅप्लिकेशन आणि जीटीके ३ मध्ये जीटीकेअॅप्लिकेशन आले, हीच सोय मूळ संचात मिळू लागली आणि लिबयुनिक मागे पडली. जीअॅप्लिकेशनमध्ये पहिली प्रत ‘प्रायमरी’, बाकीच्या ‘रिमोट’. रिमोट प्रत फाइलींची नावे किंवा कमांड लाइन प्रायमरीला कळवते आणि संपते.

एक गैरसमज इथेच दूर केलेला बरा. .एसओ किंवा .डीएलएल ही लायब्ररी फाइल स्वतः कोणावर लक्ष ठेवून बसलेली नसते. तिच्यातला कोड अनेक प्रोग्राम वापरतात, पण प्रत्येकाचा डेटा वेगळा असतो. एकमेकांची खबर मिळते ती डी-बस किंवा ऑपरेटिंग सिस्टीमकडून. त्यामुळे ‘दोन-दोन प्रती उघडतात’ म्हणून डीएलएल पुसून पुन्हा टाकण्याचा उपाय सहसा व्यर्थ जातो.

विंडोजवर हे काम नाव दिलेल्या म्युटेक्सने, म्हणजे ऑपरेटिंग सिस्टीमने सांभाळलेल्या कुलपाने, होते. क्रिएटम्युटेक्स बोलावल्यावर त्रुटी क्रमांक १८३ मिळाला, म्हणजे ते नाव आधीच अस्तित्वात आहे. १६-बिट विंडोजमध्ये प्रोग्रामला आधीच्या प्रतीचा दाखला थेट मिळत असे. ३२-बिटपासून ती जागा कायम रिकामीच येते. नावापुढे ‘लोकल’ लावले तर मर्यादा त्या लॉगिन सत्रापुरती, ‘ग्लोबल’ लावले तर साऱ्या संगणकाला. मालक आणि कामावरचा मुलगा वेगवेगळ्या लॉगिनने एकच यंत्र वापरत असतील, तर हा फरक लगेच जाणवतो. अडवणे मात्र यातले सोपे अर्धे. काम नीट सोपवणे अवघड, आणि आळशी प्रोग्रामर तिथेच चुकतात : दुसरी प्रत मुकाट बंद होते, फाइल उघडत नाही, आणि वापरणाऱ्याला वाटते क्लिकच लागला नाही.

तटस्थ मध्यस्थाऐवजी काही प्रोग्राम डिस्कवर खुणेची फाइल ठेवतात. मे महिन्यात जळगावचा पारा ४५ अंशांच्या आसपास जातो, वीज अचानक जाते, आणि इन्व्हर्टरची बॅटरी थकलेली असेल तर संगणक जागीच बंद पडतो. म्युटेक्स आणि डी-बसवरचे नाव प्रोग्रामबरोबर नाहीसे होते. खुणेची फाइल मात्र मागे उरते. तिच्यात प्रक्रिया क्रमांक, म्हणजे चालू प्रोग्रामला सिस्टीमने दिलेला क्रमांक, लिहिला असेल तर धोका वेगळाच. वीज आल्यावर तोच क्रमांक भलत्याच प्रक्रियेला मिळू शकतो, आणि प्रोग्राम ‘मी आधीच चालू आहे’ म्हणून अडून बसतो. तेव्हा आधी टास्क मॅनेजरमध्ये खरोखर काही चालू आहे का ते पाहावे, आणि मगच खुणेची फाइल पुसावी. उलट क्रमाने केल्यास दोन प्रती एकाच माहितीवर लिहू लागतात.

लिब्रेऑफिसमध्ये तर दोन वेगळी कुलुपे आहेत. एक वापरकर्त्याच्या प्रोफाइलपुरते, म्हणजे प्रोग्रामच्या प्रतीसाठी. दुसरे दस्तऐवजाशेजारी बनणारी लपवलेली लॉक फाइल. तिच्यात फाइल कोणी आणि कधी उघडली ते असते. वीज गेल्यानंतर ‘दस्तऐवज संपादनासाठी लॉक आहे’ असा इशारा येतो तो या दुसरीमुळे. एकप्रत यंत्रणेचा त्याच्याशी संबंध नाही.

कधी दोन प्रती हव्याच असतात. एकाच पोर्टलवर दोन वेगळी लॉगिन एकाच वेळी उघडायची असली, तर फायरफॉक्समध्ये दुसरी प्रोफाइल तयार करून ती वेगळी चालवता येते, कारण तिथले कुलूप प्रोग्रामला नव्हे, प्रोफाइलला असते. व्हीएलसीत एकच प्रत ठेवण्याची निवड सेटिंगमध्ये दिलेली आहे. जीअॅप्लिकेशनमध्ये लेखकाने ‘नॉन-युनिक’ ध्वज लावला तर प्रत्येक प्रत स्वतंत्र चालते. मॅकवर आयकॉनवर पुन्हा क्लिक केल्यास चालू प्रतच समोर येते. नवी हवी असल्यास टर्मिनलमधून ‘ओपन’ आदेशाला ‘-एन’ जोडावे लागते.