राहूचं काय करायचं? पाटण्याच्या मठात शिकवलेलं एक पुस्तक

मागे जळगावला एका पुस्तक प्रदर्शनात गेलो होतो, तिथे एक अख्खं टेबल विज्ञान, धर्म आणि तत्त्वज्ञान या विषयाच्या पुस्तकांचं होतं. आठ-दहा चाळली. काहींचा सूर असा की आपल्या पूर्वजांना सगळं आधीच माहीत होतं, तर काहींचा असा की धर्म म्हणजे निव्वळ अडाणीपणा, विषय संपला. पण एखाद्या माणसाच्या हातात गणित पण आहे आणि घरात पुराण पण आहे, आणि दोघं एकमेकांशी जुळत नाहीयेत, तेव्हा तो नेमकं काय करतो, कुठे अडतो, हे मला त्या टेबलावर कुठेच सापडलं नाही. आणि मजा बघा, असं पुस्तक, १२व्या शतकातले गणिती भास्कराचार्य यांचं 'सिद्धान्तशिरोमणी', आपल्याच जळगाव जिल्ह्यात, चाळीसगाव तालुक्यात, ८०० वर्षांपूर्वी मठात बसून शिकवलं जात होतं.

चाळीसगावजवळच्या पाटण्याच्या पाटणादेवीला आपण सगळेच गेलेलो असतो. तिथल्या भवानीच्या देवळात एक शिलालेख सापडला, डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो १९व्या शतकात जगापुढे आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघणाच्या दरबारात ज्योतिषी होता, त्याने आजोबांचे ग्रंथ शिकवायला पाटण्याला मठ काढला, आणि निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्या मठाला दान दिलं. (भास्कराचार्य पाटण्याचेच असं आपल्याकडे अभिमानाने सांगतात, पण लेखात मठ आहे तो नातवाचा, तेवढंच म्हणावं.) लेख बराचसा संस्कृतात आहे पण शेवटच्या ओळी चक्क जुन्या मराठीत आहेत. बाजारात जो माल विकायला येईल त्यातलं मठाला काय जायचं, गावात जेवढे घाणे चालतील त्या प्रत्येकामागे पळी पळी तेल, असा सगळा हिशोब दगडात कोरलेला.

आता दान दिलं कधी, तर इ.स. १२०७, श्रावणी पौर्णिमा, "चंद्रग्रहणसमये". हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून बसलो होतो. ग्रहणाच्या वेळी दान केलं की पुण्य लागतं म्हणून दिलेलं दान, आणि ते कुठल्या मठाला, तर राहू चंद्राला गिळत नाही हे जिथे गणितानं शिकवतात त्या मठाला! "दे दान सुटे गिराण" ही आरोळी लहानपणी मी स्वतः ऐकलीय.

ग्रंथ म्हणजे 'सिद्धान्तशिरोमणी', ११५० साली लिहिला, भास्कराचार्य तेव्हा ३६ वर्षांचे होते. त्याच्या गोलाध्याय या भागात ते म्हणतात की दिशा, देश, काळ आणि आवरण यांत फरक पडतो म्हणून ग्रहण लावणारा राहू नाही, असं गोलाचं गणित जाणणारे सांगतात. हे चार शब्द जरा उलगडून बघू, कारण सगळी गंमत इथेच आहे.

दिशा. चंद्रग्रहण चंद्राच्या पूर्वेच्या कडेपासून लागतं आणि सूर्यग्रहण सूर्याच्या पश्चिमेच्या कडेपासून. का, तर ताऱ्यांच्या पार्श्वभूमीवर चंद्र पश्चिमेकडून पूर्वेकडे सरकतो. पृथ्वीची सावली पुढे असते, चंद्र मागून येऊन तिच्यात शिरतो, म्हणून त्याची पुढची म्हणजे पूर्वेची कड आधी काळी पडते. सूर्यग्रहणात तोच चंद्र मागून येऊन सूर्याला गाठतो, म्हणून सूर्याची पश्चिम कड आधी झाकली जाते. गिळणारा एकच असता तर त्यानं दर वेळी बाजू का बदलली असती?

देश. चंद्रग्रहण ज्याला ज्याला चंद्र दिसतो त्या सगळ्यांना एकाच वेळी सारखंच दिसतं, कारण सावली खरोखरच चंद्रावर पडलेली असते. सूर्यग्रहण मात्र एका गावात खग्रास तर दुसऱ्या गावात नुसतं चतकोर, कारण मध्ये आलेला चंद्र जवळ आहे आणि जागा बदलली की तो सूर्यापासून थोडा बाजूला सरकलेला दिसतो.

काळ. सूर्य एका जागेवरून पूर्ण झाकलेला राहतो तो फार तर साडेसात मिनिटं. ७ सप्टेंबर २०२५ च्या चंद्रग्रहणात चंद्र ८२ मिनिटं पूर्ण सावलीत होता.

आणि आवरण म्हणजे झाकणारा, हा माझा सगळ्यात आवडता. भास्कराचार्य म्हणतात अर्धं ग्रहण लागलं की शिल्लक कोरीची टोकं बघा, शिंगं. चंद्राची शिंगं बोथट असतात, सूर्याची टोकदार. म्हणजे चंद्राला झाकणारा चंद्राहून बराच मोठा आणि सूर्याला झाकणारा लहान, म्हणजे झाकणारे दोन वेगळे आहेत. घरी करून बघा, कागदावर वाटी ठेवून गोल काढा, त्याच्यावर तेवढीच दुसरी वाटी अशी ठेवा की तिची कड गोलाच्या मधोमध जाईल, मग तिथे वाटीऐवजी जेवणाचं ताट ठेवा. वाटीखाली टोकं सुईसारखी दिसतात, ताटाखाली रुंद. मी भूमितीने मोजलंय, दोन्ही वर्तुळं सारखी असतील आणि अर्धा व्यास झाकला असेल तर शिंगाचा कोन ६० अंश येतो. चंद्रग्रहणात पृथ्वीचा व्यास १२,७४२ किमी, तिची गडद सावली निमुळती होत साधारण १४ लाख किमीवर संपते, चंद्र ३,८४,४०० किमीवर, तर तिथे सावली उरते साधारण ९,२०० किमी रुंद. चंद्र ३,४७४ किमी. म्हणजे झाकणारा २.६५ पट मोठा, आणि कोन येतो ७९ अंश. (कोनाची कोज्या, म्हणजे cosine, काढायला दोन्ही त्रिज्यांच्या वर्गांच्या बेरजेतून केंद्रांमधल्या अंतराचा वर्ग वजा करायचा आणि त्रिज्यांच्या गुणाकाराच्या दुपटीने भागायचं, ज्याला नको त्याने हे सोडून दिलं तरी चालेल.) ६० आणि ७९ मधला हा फरक नुसत्या डोळ्यांना कळतो, दुर्बीण लागत नाही. आकाशात दिसणाऱ्या कोरीच्या टोकावरून झाकणाऱ्याचा आकार काढायचा, यापेक्षा सुंदर युक्तिवाद मी फार कमी वाचलेत.

हे सगळं सांगून झाल्यावर भास्कराचार्य थांबतात आणि म्हणतात, पण हे संहिता, वेद, पुराणाच्या बाहेरचं होतं. मग तोड काढतात, की राहू वरदानामुळे पृथ्वीच्या सावलीत शिरून चंद्राला झाकतो आणि चंद्रात शिरून सूर्याला, "सर्वागमानामविरुद्धमेतत्", म्हणजे कुठल्याच शास्त्राशी विरोध नको. सातव्या शतकातल्या ब्रह्मगुप्त या गणितीनेही असंच केलं होतं आणि त्यावर अल्-बीरुनी या मुस्लिम विद्वानाने १०३० च्या सुमारास कडक टीका केली होती. मला स्वतःला ही तडजोड पटत नाही. पण एक गोष्ट बघा, ग्रहणाच्या गणितात राहूचं वजन किती घ्यायचं, तोंड केवढं धरायचं, असं कुठेच येत नाही. गिळणारा राहू श्लोकात राहिला, आकडेमोडीत त्याला जागाच मिळाली नाही. आजही पंचांगात स्पर्श आणि मोक्षाची, म्हणजे ग्रहण लागण्याची आणि सुटण्याची, जी वेळ छापतात ती सावलीच्याच हिशोबाने.

तत्त्वज्ञानाचं म्हणाल तर तेही त्याच अध्यायात आहे. पृथ्वी कशावर टेकलीय? शेषावर म्हणाल तर शेष कशावर, मग त्याला आणखी आधार, त्याला आणखी, याला त्यांनी अनवस्था म्हटलंय. शेवटी कुठेतरी "हा स्वतःच्या शक्तीने राहतो" असं म्हणावंच लागणार असेल तर ते पहिल्यालाच, पृथ्वीलाच का म्हणू नये? तर्काची एवढी स्वच्छ चाल आहे ही.

याच अध्यायात पृथ्वीच्या आकृष्टिशक्तीचा श्लोक आहे, त्यावरून न्यूटनच्या ५०० वर्षं आधी गुरुत्वाकर्षणाचा नियम आपल्याकडे होता असे मेसेज फिरतात. कृपा करून पुढे पाठवू नका. जड वस्तू पृथ्वी ओढून घेते एवढं त्यात आहे आणि ते फार मोलाचं आहे, पण अंतर दुप्पट केलं की ओढ चौपट कमी होते आणि तीच ओढ चंद्राला पण फिरवते हे न्यूटनने १६८७ ला मांडलं. भास्कराचार्यांची पृथ्वी विश्वाच्या मध्यावर स्थिर आहे. आणि ग्रहगणितावरून माणसाचं भविष्य निघतं म्हणणाऱ्यांसाठी, जयंत नारळीकर आणि सहकाऱ्यांनी हुशार आणि मतिमंद मुलांच्या पत्रिका ज्योतिषांना ओळखायला दिल्या होत्या, २७ ज्योतिषांनी प्रत्येकी ४० पत्रिका पाहिल्या आणि बरोबर आल्या सुमारे ४६ टक्के. नाणं उडवलं असतं तर ५० च्या आसपास आल्या असत्या.

त्या ७ सप्टेंबरच्या रात्री मी गच्चीवर होतो, खालून आजी दोनदा ओरडली, "गिरान लागनं, घरमा बस". ढग येत जात होते. ९:५७ ला पूर्वेची कड काळी पडायला लागली आणि अर्ध्या तासाने ढग फाटले तेव्हा शिंगं दिसली, रुंद, बोथट, अगदी ताटाखालच्या वाटीसारखी. मी खाली जाऊन आजीला हात धरून वर आणलं, कागदावरचं वाटी-ताट दाखवलं, मग चंद्र दाखवला. तिने बराच वेळ बघितलं आणि विचारलं, "मग ही सावली आपली शे?" हो म्हटलं, आपलीच, आपण ज्याच्यावर उभे आहोत त्याची. ती मोक्ष होईपर्यंत, रात्री १:२६ पर्यंत, पाणी न पिता पण गच्चीवरच बसून राहिली.

३१ डिसेंबर २०२८ च्या रात्री पुन्हा खग्रास आहे, भारतातून पूर्ण दिसणारं. चाळीसगावकडून पाटण्याच्या वाटेला कुठल्यातरी मोकळ्या शेतात बसून बघायचं ठरवलंय, वाटी, ताट आणि कोनमापक सोबत घेऊन.